चालेलरावाचा आवाज

"थांबा, माकड अजून पुरतं रडलेलं नाही," काचेच्या आतून तो म्हणाला आणि माइकला नाक लावून पुन्हा हुंदके देऊ लागला.

काचेच्या बाहेर ध्वनिमुद्रण करणारा फोन हातात धरून उभा होता. "सर, तुमच्या वहिनींचा फोन आहे."

माकडाचं रडणं क्षणभर थांबलं. मग आतून हात वर झाला, चालू ठेवा, तिला थांबायला सांगा. फोन तसाच उघडा टेबलावर पडून राहिला. वहिनीने तिकडून माकडाचं रडणं ऐकलं, अस्वलाने त्याला दिलेला दम ऐकला आणि दोघांची समजूत घालणाऱ्या म्हाताऱ्या कासवाचा उपदेशही ऐकला. तिन्ही आवाज तिच्या दिराचेच होते.

सहा-सात मिनिटांनी तो घाम पुसत बाहेर आला. "बोला, वहिनी." बावीस वर्षांनंतर तो तिच्याशी बोलत होता.

"झालं का रडून?"

"काम चालू होतं. दादा बरा आहे ना?"

"अर्धांगवायूचा झटका आला. उजवी बाजू गेली आणि वाचा गेली. आज वीस दिवस झाले."

"वीस दिवस! आणि मला कळवावंसं वाटलं नाही तुम्हाला?"

"कळवून काय झालं असतं? एक भाग लिहून काढला असता तुम्ही."

त्याने भिंतीकडे तोंड फिरवलं. ध्वनिमुद्रण करणारा उगाचच वायरी गुंडाळत बसला.

"मग आता तरी कशाला कळवताय?"

"अडला हरी, दुसरं काय. पुढचं मी म्हणत नाही, तुम्ही लेखक आहात. उद्या चार वाजता या. ह्यांना बोलायला शिकवायला एक बाई येतात. त्यांनी बोलावलंय. मी नाही."

फोन बंद झाला. तो पुन्हा काचेच्या आत गेला आणि उरलेलं अस्वल संपवूनच उठला.

स्टुडिओत त्याच्या माघारी सगळे त्याला तंबू म्हणत. एकखांबी तंबू, म्हणून तंबू. अंगकाठीही तशीच होती, वर निमुळती आणि खाली पसरट, त्यामुळे नाव ठेवणाऱ्याने एका दगडात दोन पक्षी मारले होते. एकविसाव्या वर्षी तो तिथे चित्रांत रंग भरायला लागला. एकदा तो सशाचे कान रंगवत असताना लेखक भांडून निघून गेला. दुसऱ्या दिवशी भाग द्यायचा होता. "मी लिहितो," तंबू म्हणाला आणि जेवणाच्या सुटीत त्याने लिहून दिला. सगळा भाग चौकटी-चौकटींनी कागदावर मांडणारी बाई बाळंतपणाच्या रजेवर गेली, तेव्हा तो चौकटी मांडू लागला. घुबडाला आवाज देणाऱ्या नटाचा घसा बसला, तेव्हा त्याने घुबडही केलं. पुढे दिग्दर्शकाला दुसऱ्या चॅनेलने पळवलं. त्या दिवशी कुणी काही ठरवलं नाही, फक्त सगळे त्याच्याकडे बघायला लागले. हाणामारी मागा, अंगाई मागा, भुताचा भाग मागा, दात घासायला शिकवणारी सुसर मागा, तंबूकडे सगळं मिळायचं.

त्याला एकच गोष्ट कधी जमली नाही. शून्यातून त्याला काही काढता येत नसे. तो माणसं बघायचा आणि उचलायचा. शाळेतल्या मास्तरांची मान त्याने बगळ्याला लावली, घरमालकिणीची चाल बदकाला दिली. त्याच्या बायकोने एका संध्याकाळी टीव्हीवरच्या पाणकोंबडीत स्वतःला ओळखलं. ती माहेरी गेली, ती परत आली नाही. पाणकोंबडी मात्र तीन वर्षं चालली.

आणि चालेलराव चालला सात वर्षं.

दादा तंबूहून अकरा वर्षांनी मोठा. तो सरकारी रुग्णालयात लिफ्ट चालवायचा. जुनी लिफ्ट होती, जाळीच्या दाराची आणि पितळी मुठीची. दादाला डाव्या कानाने ऐकू येत नसे. तो कान कुणापायी गेला, हे दोघा भावांनाच ठाऊक होतं. धाकट्याने लहानपणी वडिलांच्या कचेरीतल्या कागदांवर ओळीने नऊ घोडे काढले होते. कुणी काढले, असं वडिलांनी विचारलं आणि दादा पुढे झाला. सतरा वर्षांचा मुलगा कचेरीच्या कागदावर घोडे काढतो, यावर वडिलांचाही विश्वास बसला नसणार. पण हात उचललेला होता, आणि उचललेला हात कुणावर तरी पडायलाच हवा होता.

तेव्हापासून दादा उजवा कान पुढे करून ऐकायचा आणि ऐकलेलं पक्कं करून घ्यायचा. "तिसरा? तिसरा. चालेल." त्या लिफ्टमधून माणसं नवं बाळ बघायला वर जात आणि झाकलेला माणूस घेऊन खाली येत. दादा दोघांनाही त्याच सुरात चालेल म्हणायचा. का कोण जाणे, लोकांना त्याने धीर यायचा.

'पोकळ झाड' नावाची मालिका तंबूने सुरू केली तेव्हा तो तिशीत होता. एका उंच झाडाच्या पोटात सगळे प्राणी राहतात अशी कल्पना होती. वरखाली जायला लिफ्ट हवी आणि लिफ्टला कुणीतरी चालवणारा हवा. चॅनेलवाल्यांना दुपारपर्यंत चित्र हवं होतं. तंबूने एक कान ताठ आणि एक कान पडलेला, असं एक गाढव काढलं. आवाज द्यायला कुणी मोकळं नव्हतं, म्हणून त्यानेच दिला. दादाचा सूर घेतला, त्याला नाकात चढवलं आणि शेवटाला गाढवाचा हेल लावला. "तिसराऽऽ? तिसराऽऽ! चालेऽऽल!" महिनाभरात पोरं रस्त्यात त्या आवाजात बोलू लागली.

दादाला कळलंच नाही. तो पोट धरून हसायचा आणि लिफ्टमध्ये येणाऱ्याला सांगायचा, "माझ्या भावाचं आहे ते. लिहितो, काढतो, बोलतो, सगळं तोच करतो." ऐकणारे त्याच्याकडे बघायचे, मग एकमेकांकडे बघायचे. शेवटी आईच्या कडेवरच्या एका मुलीने त्याच्याकडे बोट दाखवलं आणि ती म्हणाली, "आई, हे बघ खरं गाढव!"

त्या रविवारी तंबू नेहमीप्रमाणे दादाकडे जेवायला गेला होता. जेवण अर्ध्यावर आलं तेव्हा दादा म्हणाला, "धाकट्या, एक विचारू? ते गाढव म्हणजे मी का रे?"

"छे! काहीतरीच काय, दादा."

"नाही, लोक म्हणतात म्हणून विचारलं." त्याने दोन घास खाल्ले. "आणि असलो तरी चालेल रे. तुझं काम होतंय ना?"

वहिनी वाढता वाढता थांबली होती. तंबूने ताटावरून मान वर केली नाही. त्याचे डोळे भरून आले होते, हे खरं. आणि घरी जाताना त्याने ती सगळी वाक्यं बसच्या तिकिटामागे जशीच्या तशी लिहून ठेवली, हेही खरं.

तीन आठवड्यांनी तो भाग दाखवला गेला. त्यात चालेलराव आपण वाढवलेल्या खारीला विचारतो, "पोरं ज्याला हसतात ते गाढव म्हणजे मी काऽऽ?" खार म्हणते, छे. चालेलराव म्हणतो, "असलो तरी चालेऽऽल!" आणि लिफ्ट धाडकन तळाशी जाऊन आदळते. तंबूने लिहिलेला तो सर्वांत चांगला भाग, असं पुढे सगळेच म्हणाले. त्याला त्या वर्षीचं पारितोषिकही मिळालं.

रुग्णालयात तळमजल्यावर, लिफ्टसमोर, नातेवाइकांना बसायची जागा होती आणि तिथे भिंतीवर टीव्ही होता. दादाने जाळीचं दार उघडलं तेव्हा टीव्हीवर नेमकं ते वाक्य चालू होतं. त्याने ते उजव्या कानाने पुरतं ऐकलं. बाकावरची माणसं हसली. मग एकेकाचं लक्ष लिफ्टकडे गेलं आणि ती पुन्हा हसली, जास्त जोरात. दिवसभर काळजी करून थकलेली माणसं ती, त्यांना हसायला काहीतरी हवंच होतं. लिफ्टमध्ये एक परिचारिका शिरली आणि "चौथा" म्हणाली. सवयीने दादाच्या तोंडून "चौथा?" गेलं. त्यावर जे हसू उसळलं, ते लिफ्ट वर पोचेपर्यंत खालून ऐकू येत होतं.

हे सगळं तंबूला कळलं ते दादाच्या दारात. तो पारितोषिक दाखवायला गेला होता. वहिनीने दार अर्धंच उघडलं, त्या परिचारिकेने सांगितलेलं सगळं त्याला ऐकवलं आणि म्हणाली, "भावोजी, आजपासून तुमचा पाय ह्या घराला नको. तुम्ही आमच्याकडे जेवायला येत नव्हता, वेचायला येत होता."

"दादाला बोलवा. तो असं म्हणणार नाही."

"ते कसे म्हणतील? ते चालेलच म्हणणार. म्हणून तर मी दारात उभी आहे."

त्यानंतर दादाने लिफ्टमध्ये बोलणं सोडलं. लोक मजला सांगत, तो मान हलवी. रुग्णालयाच्या साहेबांना त्यात उद्धटपणा दिसला, शिवाय पोरं उगाच लिफ्टमधून खालीवर करायला येत होतीच. त्यांनी दादाला तळघरात धुतलेल्या चादरी मोजायला बसवलं. निवृत्त होईपर्यंत तो तिथेच होता. तंबूने ऐकलं, हळहळला आणि मालिकेचे आणखी तीन वर्षांचे भाग लिहिले.

दुसऱ्या दिवशी चार वाजता तो तीन जिने चढून दादाच्या दारात उभा राहिला, तेव्हा त्याला धाप लागली होती. दादा खिडकीजवळ खुर्चीत बसला होता. केस नीट विंचरलेले, उजवा हात मांडीवरच्या उशीवर ठेवून दिलेला. भावाला बघून त्याचा डावा गाल हसला. उजवा तसाच राहिला.

थेरपिस्ट बाई तरुण होती, चुणचुणीत होती. ती म्हणाली, "काही पेशंटना साधं बोलता येत नाही, पण ओळखीची चाल लागली की शब्द निघतात. काकू म्हणतात, ह्यांच्या बोलण्याला एक ठेका होता. त्यांच्या आवाजाचं रेकॉर्डिंग कुठेच नाही?"

"लिफ्टवाल्याचा आवाज कोण कशाला जपून ठेवील?" वहिनी म्हणाली. "भावोजींनीच काय तो उचलून ठेवलाय."

"मग तुम्हीच करून दाखवा," बाई उत्साहाने तंबूला म्हणाली. "लिफ्टमधलं एखादं वाक्य. अगदी ते म्हणायचे तसं."

तंबूने घसा साफ केला. चाळीस वर्षांत त्याने दोनशेच्या वर आवाज काढले होते. तो म्हणाला, "तिसरा? तिसरा. चालेल."

"असे नव्हते बोलत ते," वहिनी म्हणाली.

त्याने सूर खाली आणला. पुन्हा म्हटलं.

"हे गाढव झालं. हळू केलेलं गाढव."

त्याने डोळे मिटले. लिफ्ट डोळ्यांपुढे आणली, पितळी मूठ आणली, दादाचा खाकी सदरा आणला. सगळं आलं. तोंड उघडलं की शेवटी तो हेल वर यायचा, दाबला की नाकातून यायचा. पाचव्यांदा म्हणून झालं तेव्हा त्याच्या कपाळावर घाम होता. दादाचा खरा आवाज त्याच्यापाशी नव्हताच. सात वर्षं रोज गाढव काढता काढता त्याखालचा माणूस केव्हा पुसला गेला, हे त्याला कळलं नव्हतं. तो दादाकडे बघत राहिला आणि दादा त्याच्याकडे, उजवा कान पुढे करून.

"जमत नाही," तंबू म्हणाला.

"आश्चर्य आहे," वहिनी म्हणाली. ती रागावली असती तर त्याला बरं वाटलं असतं.

बाईने घड्याळाकडे पाहिलं. "हे बघा, अगदी हुबेहूब नसलं तरी हरकत नाही. जो येतो तो आवाज काढा."

तंबूने वहिनीकडे पाहिलं. ती खिडकीबाहेर बघत होती. मग त्याने चालेलराव काढला, सगळाच्या सगळा, कान हलवल्यासारखी मान हलवून. "तिसराऽऽ? तिसराऽऽ! चालेऽऽल!"

दादाचे डोळे त्याच्या तोंडाकडे वळले. ओठ थरथरले, एका बाजूने वर गेले. "ति," तो म्हणाला. "तिस. राऽऽ." आणि शेवटी घशातून तो हेल निघाला, अगदी बरोबर जागेवर.

बाईने टाळ्या वाजवल्या. "आला! काकू, आवाज आला बघा!"

वहिनी उठून आत गेली. बराच वेळ आतून नळ वाहत असल्याचं ऐकू येत होतं.

मग दर मंगळवारी आणि शुक्रवारी तंबू येऊ लागला. बाई चित्रांची कार्डं दाखवी, तंबू गाढवाच्या आवाजात शब्द सांगे आणि दादा तो तसाच म्हणे. पाणीऽऽ. दाऽऽर. उशीऽऽ. साध्या आवाजात सांगितलं की त्याच्या तोंडून काही निघत नसे. दोन महिन्यांत चाळीसेक शब्द झाले आणि चाळीसही शब्दांना शेपूट होतं. बाईने ह्या प्रकारावर एक शोधनिबंध लिहायला घेतला. वहिनी मात्र प्रत्येक शब्दाला नीट उत्तर देई. पाणीऽऽ म्हटलं की पाणी आणे, दाऽऽर म्हटलं की उठून दार लावी. तिच्या चेहऱ्यावरची रेघ हलत नसे.

एका शुक्रवारी औषधवाला वर आला. पस्तिशीचा, ढेरी सुटलेला माणूस. दादाने त्याला "बसाऽऽ" म्हटलं आणि त्याच्या हातातली पिशवीच खाली आली.

"अरे! चालेलराव! काका, काय हुबेहूब काढता हो! लहानपणी आम्ही शाळेतून पळत यायचो बघायला. ते म्हणा ना, ते, असलो तरी..."

"ते आजारी आहेत," वहिनी म्हणाली.

"आजारी असून एवढं म्हणजे कमालच की! एकदाच, काका."

दादाने तंबूकडे पाहिलं. डावा गाल हसला. "असऽलो तरी," तो म्हणाला, मध्ये दम घेतला, "चालेऽऽल."

औषधवाला डोळ्यांत पाणी येईपर्यंत हसला. दादाचा हात हातात घेऊन त्याने आभार मानले आणि जाताना तंबूला म्हणाला, "तुम्ही कोण, भाऊ का? नशीबवान आहात. घरात असा कलाकार!"

तो गेल्यावर तंबू म्हणाला, "वहिनी, मी उद्यापासून येणं बंद करतो."

"का? आता तुम्हाला लाज वाटायला लागली म्हणून?" तिने औषधं एकेक करून फळीवर लावली. "तुमच्याखेरीज त्यांचं तोंड उघडत नाही. मंगळवारी वेळेवर या."

तो मंगळवारी वेळेवर आला. त्या दिवशी थेरपिस्ट बाई येणार नव्हती. तंबूने चित्रांची कार्डं स्वतःच हातात घेतली होती आणि छत्रीवर दोघं अडले होते. वहिनी चहा घेऊन आतून आली. तिचा पाय चटईच्या दुमडलेल्या कडेत अडकला, ती तोल जाऊन पुढे झुकली आणि कपबशा किणकिणल्या.

"अगं," दादा म्हणाला.

आखूड शब्द. शेपूट नाही, हेल नाही. खालच्या पट्टीतला, थोडा घोगरा, काळजी करणाऱ्या माणसाचा आवाज. वहिनी होती तिथेच उभी राहिली. चालेलरावाला बायको नव्हती. सात वर्षांत एकदाही तंबूने त्याच्या तोंडी हा शब्द घातला नव्हता.

हाच तो आवाज, तंबूने ओळखलं. आणि त्याच क्षणी, त्याने ठरवलं नव्हतं तरी, त्याचे ओठ हलले. आवाज न करता त्याने तो शब्द तोंडात धरून पाहिला, सूर कुठून उठतो, कुठे टेकतो ते बघायला. चाळीस वर्षांची सवय ती.

वहिनीने ते पाहिलं.

तिने चहा टेबलावर ठेवला. पदराने हात पुसले. "भावोजी," ती म्हणाली, तिचा आवाज चढलाही नाही, "तुम्ही जरा बाहेर बसा."

तो उठला. दादाकडे बघायचं त्याला धाडस झालं नाही. पाठीमागे दार लागलं आणि आतून कडीही लागली.

तो जिन्याच्या वरच्या पायरीवर बसला. आत वहिनी काहीतरी म्हणाली. मग थांबली. मग खालच्या पट्टीतलं काहीतरी आलं, एक शब्द, कदाचित दोन. दारामुळे नीट ऐकू येत नव्हतं, पण मान जरा पुढे केली असती तर आलं असतं.

तंबूने कठड्याला धरलं, गुडघे सरळ करून तो उभा राहिला आणि एक मजला खाली जाऊन बसला.